एक किलोचं पाकीट, पाच ग्रॅमची पुडी

ऑगस्ट २०२३. पावसाळी दर्या अजून शमला नव्हता. दापोली तालुक्यातल्या कर्दे, लाडघर, केळशी, मुरुड, कोळथरे, बुरोंडी अशा एकेका किनाऱ्यावर लाटांबरोबर प्लास्टिकमध्ये गच्च गुंडाळलेली पाकिटं येऊन पडू लागली. आत चरस होता. स्वातंत्र्यदिनाच्या सुमारास सीमाशुल्क खात्याच्या गस्तीला पहिली दहा पाकिटं दिसली. मग वाळू, खडक, सुरूची बनं सगळं पालथं घातलं गेलं आणि काही दिवसांतच रत्नागिरी जिल्ह्याच्या किनाऱ्यावरून गोळा झालेला माल अडीचशे किलोंच्या घरात गेला. थोड्याच दिवसांनी शेजारच्या रायगडात, श्रीवर्धनकडेही हेच घडलं.

यातलं एकेक पाकीट किलोभराच्या वर भरत होतं. या वजनाला कायद्यात फार मोठा अर्थ आहे. १९८५ च्या अमली पदार्थविरोधी कायद्यात, म्हणजे वर्तमानपत्रांतून रोज वाचायला मिळणाऱ्या ‘एनडीपीएस’मध्ये, १०० ग्रॅमपर्यंतचा चरस ‘अल्प’ प्रमाणात मोडतो आणि एक किलोच्या वर गेला की ‘व्यावसायिक’. व्यावसायिक प्रमाणाला शिक्षा किमान १० वर्षं, कमाल २०, शिवाय किमान एक लाख रुपये दंड. न्यायाधीशाला दया आली तरी १० च्या खाली येता येत नाही. जामीन हवा तर आरोपी दोषी नाही असं मानायला सबळ कारण असल्याची न्यायालयाची खात्री पटावी लागते. आणि माल जवळ सापडला की ‘मला ठाऊक होतं’ हे कायदा आधीच धरून चालतो; ठाऊक नव्हतं हे आरोपीने सिद्ध करायचं. पहाटे किनाऱ्यावर गेलेल्या एखाद्या माणसाने कुतूहलापोटी असलं एक पाकीट उचलून पडवीत आणून ठेवलं असतं, तर त्याच्यावर काय ओढवलं असतं याची कल्पना यावरून यावी.

त्या पाकिटांच्या बातम्या पहिल्या पानावर आल्या आणि यायलाच हव्या होत्या. १६७ किलोमीटरचा किनारा, खाड्या, लहानमोठी बंदरं असलेल्या जिल्ह्यात तस्करी हा गंभीरच प्रश्न आहे. पण याच जिल्ह्यात नशेच्या प्रश्नाचं दुसरं एक टोक आहे आणि त्याकडे क्वचितच कुणाचं लक्ष जातं.

ते टोक म्हणजे रत्नागिरीचं प्रादेशिक मनोरुग्णालय. ब्रह्मदेशाचा थिबा राजा ज्या वर्षी नजरकैदी म्हणून रत्नागिरीत आला, त्याच १८८६ साली ते सुरू झालं. येरवडा, ठाणे, नागपूर आणि रत्नागिरी ही राज्याची चार प्रादेशिक मनोरुग्णालयं. त्यांत ३६५ खाटांचं हे सर्वांत लहान. ‘वेड्यांचं इस्पितळ’ म्हणून कोकणात त्याच्या नावाची धास्ती होती, आणि अजूनही पुरती गेलेली नाही.

हे इस्पितळ सुरू होऊन थोडीच वर्षं झाली असताना लंडनच्या पार्लमेंटात एक प्रश्न विचारला गेला. हिंदुस्थानातली वेड्यांची इस्पितळं गांजा ओढणाऱ्यांनी भरली आहेत, हे खरं का? दारूबंदीच्या चळवळीतल्या खासदारांचा रोख गांजावर बंदी आणण्याकडे होता. सरकारने १८९३ मध्ये एक आयोग नेमला. डब्ल्यू. मॅकवर्थ यंग हे अध्यक्ष, आणि सदस्यांत तीन हिंदी गृहस्थ. आयोग देशभर फिरला, सुमारे बाराशे साक्षीदारांची मतं घेतली, आणि १८९४ मध्ये अनेक खंडांचा अहवाल दिला. नशेच्या पदार्थांची इतकी कसून केलेली चौकशी त्याआधी कुठे झाली नव्हती, त्यानंतरही फारशी झाली नाही.

त्यातला इस्पितळांचा भाग आजही मुद्दाम वाचावा असा आहे. १८९२ या एका वर्षात दाखल झालेल्या १,३४४ रुग्णांपैकी २२२ जणांच्या नावापुढे वेडाचं कारण म्हणून गांजा, चरस किंवा भांग लिहिलेलं होतं. आयोगाने तेवढ्यावर समाधान मानलं नाही. एकेक प्रकरण परत उघडलं, रुग्णाच्या गावी चौकशी करवली, नातेवाइकांना विचारलं. मग कळलं की ‘कारण’ हा रकाना पुष्कळदा डॉक्टरांनी भरलेलाच नव्हता. रस्त्यावर भटकणाऱ्या माणसाला पोलीस पकडून आणायचे, सोबतच्या कागदावर कारणाची जागा रिकामी ठेवता येत नसे, आणि आजूबाजूच्या कुणी ‘गांजा ओढतो’ म्हटलं की तेच लिहिलं जाई. इस्पितळात तो कागद तसाच नोंदवहीत उतरे. तपासणीअंती २२२ चे ९८ उरले, आणि त्यांतही निव्वळ नशेच्या पदार्थामुळे वेड लागलं असं म्हणता येतील असे फक्त ६१.

आयोगाचा निष्कर्ष असा होता: बेताने घेणाऱ्यांना सहसा अपाय होत नाही, अतिरेक करणाऱ्यांना होतो, सरसकट बंदी घालू नये, कर लावावा, परवाने द्यावेत, लागवडीवर नियंत्रण ठेवावं. सव्वाशे वर्षांपूर्वीचं वैद्यकशास्त्र आजच्यापेक्षा पुष्कळ मागे होतं. गांजाचा कोवळ्या वयातल्या मेंदूवर होणारा परिणाम तेव्हा कुणी मोजला नव्हता. त्यामुळे त्या अहवालाचा आधार घेऊन ‘गांजा निरुपद्रवी’ असं आज कुणी म्हणू लागलं तर ते चूकच. घेण्यासारखी आहे ती आयोगाची पद्धत. पोलिसाने भरलेला रकाना त्यांनी खरा मानला नाही; तो माणूस कोण, त्याला नक्की काय झालंय, हे जाऊन पाहिलं.

स्वातंत्र्यानंतरही काही वर्षं या देशात अफूबाजांची सरकारदरबारी नोंद असे आणि त्यांना परवान्यावर ठरावीक अफू मिळे. पुढे ते बंद झालं. १९६१ च्या आंतरराष्ट्रीय करारावर भारताने सही केली, तेव्हा गांजा-चरसाचा वापर थांबवायला २५ वर्षांची मुदत मागून घेतली आणि भांगेचं पान करारातून वगळवून घेतलं. म्हणूनच आजही केंद्राच्या कायद्यात झाडाचे फुलोरे म्हणजे गांजा, पण फुलोऱ्याविना नुसतं पान म्हणजे गांजा नव्हे. महाराष्ट्रात मात्र १९४९ च्या दारूबंदी कायद्याने भांगेलाही परवान्याची अट घातलेली आहे. एकाच झाडाला दोन कायदे लागतात.

मुदत संपत आली आणि त्याच सुमारास मुंबईत गर्द आलं.

गर्द म्हणजे ब्राऊन शुगर, हलक्या प्रतीचं हेरॉइन. चांदीच्या कागदावर, ज्याला नशेकरी ‘पन्नी’ म्हणतात, चिमूटभर भुकटी टाकायची, खालून मेणबत्ती किंवा काडी धरायची, आणि वर उठणारा धूर नळीने ओढायचा. ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला हे मुंबई-पुण्याच्या गल्ल्यांत पोचलं आणि मध्यमवर्गीय घरांना पहिल्यांदाच या आगीची झळ बसली. अनिल अवचट यांनी या मुलांमध्ये बसून, त्यांच्याशी बोलून लेख लिहिले. तेच पुढे ‘गर्द’ या पुस्तकात आले. लेख वाचून पु. ल. आणि सुनीताबाई देशपांडे अस्वस्थ झाले आणि त्यांनी एक लाख रुपयांची देणगी देऊ केली. अनिल अवचटांच्या पत्नी डॉ. अनिता अवचट येरवड्याच्या मनोरुग्णालयात काम करत होत्या. त्याच आवारातल्या एका इमारतीत २९ ऑगस्ट १९८६ रोजी ‘मुक्तांगण’ सुरू झालं. कोकणातलीही कितीतरी कुटुंबं आपल्या माणसाला घेऊन त्या दारात गेली आहेत.

मुक्तांगणच्या वर्षभर आधी दिल्लीत एनडीपीएस कायदा झाला. १६ सप्टेंबर १९८५ ला राष्ट्रपतींची सही झाली आणि १४ नोव्हेंबरपासून तो लागू झाला. अवचटांना रस्त्यावर जो दिसला तो आजारी मुलगा; कायद्यापुढे होता तो गुन्हेगार. पहिली १६ वर्षं तर या कायद्यात अल्प, मध्यम, व्यावसायिक अशी प्रतवारीच नव्हती. स्वतः ओढायला बाळगलेल्या किरकोळ मालासाठी थोडी सवलत होती, पण ती वस्तू स्वतःसाठीच होती हे आरोपीने सिद्ध करायचं. ते जमलं नाही तर पुडीवाल्यालाही १० वर्षं आणि पोतंवाल्यालाही १० वर्षं. २००१ च्या दुरुस्तीने प्रमाणं ठरवून दिली, हा मोठाच फरक पडला. गांजा एक किलोपर्यंत अल्प, २० किलोंच्या वर व्यावसायिक. हेरॉइन पाच ग्रॅमपर्यंत अल्प, २५० ग्रॅमच्या वर व्यावसायिक.

पाच ग्रॅम. रोज गर्द ओढणाऱ्याला दिवसाला अर्धा-एक ग्रॅम सहज लागतं. म्हणजे आठवड्याभराची बेगमी जवळ सापडली की तो अल्प प्रमाणाच्या वर गेला, आणि त्याच्यावर १० वर्षांपर्यंतच्या शिक्षेचं कलम लागू शकतं. त्यात रस्त्यावरच्या पुडीत हेरॉइन थोडं आणि भेसळच फार. २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं होतं की वजन धरायचं ते शुद्ध अमली पदार्थाचं. एप्रिल २०२० मध्ये हिरा सिंग खटल्यात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने ते फिरवलं; आता भेसळीसकट सगळं वजन धरतात. भेसळ करणाऱ्या विक्रेत्याला चाप बसावा हा त्यामागचा विचार समजण्यासारखा आहे. पण त्याचा भार सर्वांत जास्त पडतो तो सर्वांत गरीब गिऱ्हाइकावर, कारण सर्वांत भेसळीचा माल त्याच्याच वाट्याला येतो.

प्रत्यक्षात पकडलं कोण जातं? विधी सेंटर फॉर लीगल पॉलिसी या संस्थेच्या अभ्यासकांनी मुंबईच्या दंडाधिकारी न्यायालयांतली २०१७ आणि २०१८ सालची दहा हजारांवर प्रकरणं तपासली. जवळजवळ सगळी निव्वळ सेवनाची होती आणि त्यांतली बहुतेक गांजाची. पकडलं, गुन्हा कबूल केला, किरकोळ दंड भरला, सुटला. सुटला म्हणायचं एवढंच. पोलिसांच्या दप्तरी नाव राहिलंच. नोकरीसाठी चारित्र्याचा दाखला लागला, पासपोर्ट काढायचा झाला, जहाजावर नोकरीला लागायचं झालं की ते नाव वर येतं. ज्या जिल्ह्यातली शेकडो मुलं मर्चंट नेव्हीकडे आणि आखाताकडे डोळे लावून बसलेली असतात, तिथे याचा अर्थ वेगळा समजावून सांगायला नको.

या कायद्यात उपचाराचे दरवाजे आहेत, ही गोष्ट मात्र फार थोड्यांना ठाऊक असते. कलम ६४-अ सांगतं की सेवनाचा किंवा अल्प प्रमाण बाळगल्याचा आरोप असलेला व्यसनी माणूस स्वतःहून सरकारमान्य रुग्णालयात उपचार घ्यायला तयार झाला आणि त्याने ते पुरे केले, तर त्याच्यावर खटला चालत नाही. कलम ३९ नुसार न्यायालय दोषी ठरलेल्या व्यसनी माणसाला तुरुंगाऐवजी उपचारांना पाठवू शकतं. मुंबईत एका हिंदी चित्रपट अभिनेत्याला ६४-अ चा लाभ मिळाला. २००१ मध्ये अटक, केईएम रुग्णालयात उपचार, आणि २०१२ मध्ये खटल्यातून माफी. अकरा वर्षं गेली, पण चांगले वकील होते म्हणून दार उघडलं तरी. समजा, मिरकरवाड्याच्या जेटीवर एखाद्या बोटीवरचा खलाशी दोन पुड्यांसह पकडला गेला. गाव नेपाळात, भाषा मोडकीतोडकी, मालक दुसऱ्या दिवशी दुसरा माणूस घेऊन दर्यात गेलेला. त्याला हे कलम कोण सांगणार?

एनडीपीएस कायदा करणाऱ्या संसदेनेच २०१७ मध्ये मानसिक आरोग्य कायदा केला. त्यातल्या मानसिक आजाराच्या व्याख्येत दारू आणि अमली पदार्थांच्या गैरवापरामुळे होणाऱ्या मानसिक अवस्थाही येतात. म्हणजे एका कायद्यानुसार हा माणूस रुग्ण, त्याला सन्मानाने उपचार मिळण्याचा हक्क. दुसऱ्या कायद्याच्या कलम २७ नुसार हेरॉइन किंवा कोकेन घेतलं म्हणून एक वर्षापर्यंत आणि इतर पदार्थ घेतले म्हणून सहा महिन्यांपर्यंत कैद. मराठीत आपण त्याला ‘गर्दुल्ला’ म्हणतो, आणि बातमीतही तसंच छापतो. मधुमेह झालेल्या माणसाला असं एखादं नाव पाडायचं धाडस कुणी केलं नसतं.

या कोंडीतून वाट काढणारा एक विचार जगभर गेली चाळीस वर्षं रुजतो आहे. मराठीत त्याला ‘हानी कमी करणे’ म्हणावं. कोकणातल्या माणसाला तो विचार समजायला परदेशात जावं लागत नाही. महाड तालुक्यात बिरवाडीच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात डॉ. हिंमतराव बावस्कर रुजू झाले, तेव्हा विंचूदंशाचे रुग्ण एकामागून एक डोळ्यांदेखत दगावत होते. लाल विंचवाच्या गंभीर दंशात शंभरातले चाळीसेक जात. बावस्करांनी रात्ररात्र रुग्णांजवळ बसून लक्षणं टिपली आणि रक्तदाबावरचं एक साधं, स्वस्त औषध, प्राझोसिन, वापरून पाहिलं. मृत्यूचं प्रमाण शंभरात एकाच्या आसपास आलं. लाल मातीतले विंचू संपले नाहीत, भाताची कापणी थांबली नाही, लोक अनवाणी चालायचेही थांबले नाहीत. माणसं मरायची मात्र थांबली. आधी विंचू नाहीसे करू आणि मग औषध देऊ, असं ते म्हणत बसले असते तर?

नशेच्या बाबतीतही क्रम हाच. आधी माणूस जगला पाहिजे, त्याला एचआयव्ही किंवा कावीळ होता कामा नये, त्याचं घर आणि रोजगार टिकला पाहिजे. मग नशा सुटायला सवड मिळते. हा क्रम न पाळल्याची किंमत देशाने मणिपूरमध्ये मोजली आहे. तिथे १९८९-९० च्या सुमारास सुईने हेरॉइन टोचणाऱ्यांमध्ये एचआयव्ही इतक्या झपाट्याने पसरला की वर्षभराच्या आत तपासलेल्यांपैकी निम्म्यांच्या रक्तात तो सापडला. एकच सुई पाच जण वापरत होते, कारण जवळ सुई सापडली की पोलीस धरत. त्याच मणिपूरने १९९६ मध्ये राज्याच्या एड्सविषयक धोरणात नव्या सुया वाटायला जागा दिली. मुंबईत १९९५ पासून एल्ड्रेड टेलिस यांच्या ‘संकल्प’ संस्थेने रेल्वे स्थानकांच्या आसपास आणि पुलांखाली राहणाऱ्यांपर्यंत जाऊन हे काम सुरू केलं: नवी सुई, जखमेवर मलमपट्टी, क्षयरोगाचं औषध, आणि बसून बोलणं.

हेरॉइनला गोळीचा पर्यायही आहे. तिचं नाव ब्युप्रेनॉर्फिन. २००७-०८ पासून राष्ट्रीय एड्स नियंत्रण कार्यक्रमात ती मोफत मिळते. ती देण्याची रीत पाहण्यासारखी असते. माणूस रोज ठरल्या वेळी केंद्रावर येतो. परिचारिका गोळीची पूड करते आणि त्याच्या जिभेखाली ठेवते. तो बाकावर बसतो. गिळायचं नाही, बोलायचं नाही. पाच-दहा मिनिटांत पूड विरघळते. परिचारिका तोंड उघडायला लावून पाहते, वहीत सही घेते, आणि तो कामाला जातो. दिवसभर त्याला टर्की होत नाही. टर्की म्हणजे नशा न मिळाल्याने होणारी ती भयानक तगमग: हाडं मोडल्यासारखी दुखतात, नाकाडोळ्यांतून पाणी, उलट्या, जुलाब, डोळ्याला डोळा लागत नाही. ती टळली की घरातलं भांडं विकायची, कुणाचा मोबाइल उचलायची वेळ येत नाही. काहींना ही गोळी काही महिने लागते, काहींना वर्षानुवर्षं. रक्तदाबाची गोळी वर्षानुवर्षं घेणाऱ्याला आपण ‘अजून सुटली नाही का’ असं विचारत नाही.

२०१७ च्या एचआयव्ही प्रतिबंध कायद्याने अशा सुयावाटपाला आणि औषधोपचाराला कायद्याचं कवचही दिलं. जास्त मात्रेने श्वास मंदावलेल्या माणसाला काही मिनिटांत परत आणणारं नॅलॉक्सोन हे औषध वापरकर्त्यांच्या कुटुंबांच्या आणि मित्रांच्या हातीही असावं, अशी शिफारस जागतिक आरोग्य संघटनेने २०१४ मध्ये केली.

इथे एक गैरसमज दूर करायला हवा. हानी कमी करणारे आणि नशा पूर्ण सोडवणारे हे एकमेकांचे शत्रू नाहीत. मुक्तांगणचा ३५ दिवसांचा निवासी उपचार संपूर्ण निर्व्यसनी होण्यावर उभा आहे आणि त्याने हजारो घरं वाचवली आहेत. पण मुक्तांगणमधलेच लोक सांगतात की ‘स्लिप’ होते, माणूस परत घसरतो, परत येतो. परत येईपर्यंत तो जिवंत राहावा, हे काम दुसऱ्या कुणाला तरी करावंच लागतं. शिवाय ब्युप्रेनॉर्फिन सगळ्या नशांवर चालत नाही. आज महाराष्ट्राला ज्या एमडीने, म्हणजे मेफेड्रोनने, ग्रासलं आहे त्याला असा गोळीचा पर्याय अजून सापडलेला नाही. तिथे समुपदेशन, मानसोपचार आणि चिकाटी हीच साधनं. फेब्रुवारी २०१५ पर्यंत एमडी एनडीपीएस कायद्याच्या यादीतही नव्हतं. आणि फेब्रुवारी २०२४ मध्ये दौंडजवळच्या कुरकुंभ औद्योगिक वसाहतीतल्या कारखान्यातून पुणे पोलिसांनी ते शेकडो किलोंनी पकडलं. असा कारखाना चालवणाऱ्यावर कायद्याचा पूर्ण बडगा पडायलाच हवा. कायदा बदला म्हणणारे त्याला सोडा म्हणत नाहीत. त्याच्या मागे लागायला पोलिसांना वेळ मिळावा, म्हणून गिऱ्हाइकाला डॉक्टरांकडे द्या, एवढंच त्यांचं म्हणणं.

कायद्याच्या धाकाने आणखी एक वर्ग होरपळला, आणि त्याने आयुष्यात कधी नशा केलेली नव्हती. कॅन्सरच्या शेवटच्या अवस्थेतल्या वेदनेवर मॉर्फिनइतकं खात्रीचं आणि स्वस्त औषध नाही. औषधासाठी कायदेशीर अफू पिकवणाऱ्या जगातल्या मोठ्या देशांत भारत आहे. पण १९८५ च्या कायद्यानंतर मॉर्फिन बाळगायला इतके परवाने लागू लागले की रुग्णालयांनी ते ठेवणंच सोडलं. वर्षाला काही शे किलो मॉर्फिन वापरणारा देश १९९७ मध्ये १८ किलोंवर आला. मिसरीने, तंबाखूने तोंडाचा कॅन्सर झालेल्या कोकणातल्या म्हाताऱ्या बायाबापड्या वेदनेने तळमळत गेल्या. मॉर्फिनसाठी परळच्या टाटा रुग्णालयापर्यंत जाण्याची ऐपत किती जणांची होती? केरळचे डॉ. एम. आर. राजगोपाल आणि त्यांचे सहकारी वर्षानुवर्षं झगडले, तेव्हा २०१४ मध्ये कायदा बदलला आणि मॉर्फिनसह काही औषधं ‘अत्यावश्यक’ ठरवून परवान्यांचं जंजाळ कमी झालं.

कायदा बदलता येतो, हे मुंबईनेही दाखवलं आहे. व्यावसायिक प्रमाणाच्या काही गंभीर गुन्ह्यांत दुसऱ्यांदा दोषी ठरलेल्याला हा कायदा सक्तीने फाशी सांगत होता. न्यायाधीशाला पर्यायच नव्हता. इंडियन हार्म रिडक्शन नेटवर्कच्या याचिकेवर १६ जून २०११ रोजी मुंबई उच्च न्यायालयाने ही सक्ती घटनाबाह्य ठरवली. तीन वर्षांनी संसदेने कायद्यातही तशी दुरुस्ती केली. ऑक्टोबर २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तोफान सिंग खटल्यात सांगितलं की तपास अधिकाऱ्यांपुढे दिलेला कबुलीजबाब पुरावा म्हणून चालणार नाही. त्याच वर्षी डिसेंबरात संयुक्त राष्ट्रांत गांजाला सर्वांत कडक यादीतून काढण्याच्या बाजूने भारताने मत दिलं. ठराव २७ विरुद्ध २५ मतांनी संमत झाला. २०२१ मध्ये सामाजिक न्याय मंत्रालयाने स्वतःच्या सेवनापुरतं अल्प प्रमाण गुन्ह्यातून वगळावं असं सुचवल्याच्या बातम्या आल्या. त्या वर्षीच्या हिवाळी अधिवेशनात संसदेत आली ती मात्र कायद्यातल्या एका लेखनदोषाची दुरुस्ती. मूळ सूचना मागे पडली.

गोव्यावर साडेचारशे वर्षं राज्य केलेल्या पोर्तुगालने मात्र स्वतःच्या सेवनापुरतं प्रमाण जुलै २००१ पासूनच गुन्ह्यातून वगळलं आहे. दहा दिवसांच्या वापरापुरता पदार्थ जवळ सापडला तर तिथे फौजदारी गुन्हा होत नाही. माणूस डॉक्टर, समाजसेवक, कायदेतज्ज्ञ यांच्या छोट्या समितीपुढे जातो. विक्री अजूनही गुन्हाच आहे. वापरकर्त्यांमधल्या नव्या एचआयव्ही बाधितांची वर्षाची संख्या हजाराच्या घरातून शंभराच्या आत आली. २०१२ नंतर उपचारांचा निधी आक्रसला, तेव्हा काही शहरांत त्रास परत डोकं वर काढू लागला. म्हणजे नुसती कलमं बदलून भागत नाही, दवाखानेही चालावे लागतात.

आईबापांना शिक्षा हटवण्याची भीती वाटते, आणि ती रास्त आहे. शिक्षेचा धाक गेला तर पोरं बिघडतील, असं चिपळूणच्या किंवा लांज्याच्या घरात कुणी म्हटलं तर त्याला हसण्यात अर्थ नाही. पण धाक चाळीस वर्षं आहे. एम्सच्या तज्ज्ञांनी केलेल्या आणि २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या राष्ट्रीय पाहणीत अफूवर्गीय पदार्थ घेणारे सुमारे सव्वादोन कोटी आणि सुईने नशा घेणारे साडेआठ लाख निघाले. अमली पदार्थांच्या आहारी गेलेल्या दर वीस जणांपैकी एकालाच कुठे रुग्णालयात दाखल होऊन उपचार मिळाले होते. धाकाने पोरगं नशेपासून लांब राहिलं नाही. दवाखान्यापासून मात्र राहिलं. घरच्यांनीही गोष्ट लपवली, कारण डॉक्टरला सांगितलं तर पोलिसांना कळेल ही धास्ती.

रत्नागिरी जिल्ह्यापुरतं बोलायचं तर फार मोठं काही मागायची गरज नाही. मनोरुग्णालय १८८६ पासून उभं आहे. २०२३ पासून सरकारी वैद्यकीय महाविद्यालय आहे. मंडणगड ते राजापूर नऊ तालुक्यांत सरकारी रुग्णालयं आहेत. मॉर्फिन आणि ब्युप्रेनॉर्फिन ही दोन्ही औषधं आपल्या देशातच बनतात. पहिल्यांदाच पुडीसह सापडलेल्या पोराला पोलीस ठाण्यात कलम ६४-अ मराठीत वाचून दाखवणं, आणि विधी सेवा प्राधिकरणाच्या वकिलाने त्याच्यासाठी तसा अर्ज करणं, याला नव्या कायद्याचीही गरज नाही. किनाऱ्यावर किती किलो सापडलं याचा हिशेब जसा जाहीर होतो, तसा या वर्षी जिल्ह्यात किती जणांना उपचार मिळाले, किती टिकले, किती जण कलम ६४-अ खाली खटल्याऐवजी दवाखान्यात गेले, हेही दरवर्षी जाहीर व्हावं. लोकप्रतिनिधींना हा प्रश्न विचारायला काहीच हरकत नाही.

आणि ज्यांच्या घरात आज हे घडतं आहे त्यांनी कायदा बदलायची वाट पाहू नये. व्यसनमुक्तीसाठी केंद्र सरकारची मोफत मदतवाहिनी १४४४६ आहे. मानसिक आरोग्यासाठी टेलि-मानसचा क्रमांक १४४१६. आपल्या माणसासाठी फोन जरूर करावा.